वाटाड्याची बिदागी

दिवाळी तोंडावर आली की आमच्या गावी दोन गोष्टी न चुकता येतात. एक, मुंबईहून घाटाकडे लागलेली मोटारींची रांग. आणि दुसरी, त्या रांगेतून बाजूला होऊन आमच्या दारात उभी राहणारी आमच्या साडूंची मोटार. माझे गाव चौक. खालापूर तालुक्यात, जुन्या मुंबई-पुणे रस्त्यावर, कर्जतची वाट जिथे फुटते तिथे. नावाप्रमाणेच वाटा एकत्र येण्याचे ठिकाण. लोक येथून जातात; येथे म्हणून कोणी येत नाही. साडू तेवढे येतात, मेहुणीच्या हातच्या चकल्या खातात आणि वर्षभरात कोणकोणते देश पाहिले ते सांगतात.

मागल्या खेपेला समरकंद आणि बुखारा यांची पाळी होती. रेशीम मार्गावरची शहरे! निळे घुमट, उंटांचे तळ, जुन्या सराया. "आणि सगळे खासगी बरे का, मास्तर. आपल्यापुरती गाडी, आपल्यापुरता माणूस. तो सांगतो, आपण ऐकायचे." एवढ्यावर थांबते तर हा लेख झाला नसता. पण चकलीचा तुकडा मोडून ते म्हणाले, "आपल्याकडे असले काही नाही."

मी चित्रकलेचा मास्तर. शिक्षण म्हणाल तर मॅट्रिक आणि वर चित्रकलेचा डिप्लोमा. दोन-तीन कादंबऱ्या नावावर आहेत, त्यामुळे गावात मला विद्वान समजतात आणि घरात बोलभांड. तो बोलभांडपणा उसळून आला. म्हटले, "साडूसाहेब, रेशीम मार्ग हे नाव 1877 साली एका जर्मन भूगोलपंडिताने रूढ केले. त्या वाटेने उंट हाकणाऱ्याला ते ठाऊकही नव्हते. आपल्याकडे नाव नाही, पण मार्ग आहे. सोपारा, कल्याण, चौल ही बंदरे; तिथून नाणेघाट, बोरघाट; वर जुन्नर, कार्ले, पैठण आणि पार तेर. दोन हजार वर्षांपूर्वी एक ग्रीक दर्यावर्दी पैठणहून येणारे गोमेदासारखे दगड आणि तेरची मलमल यांची नोंद करून गेला. तेरला सापडलेल्या हस्तिदंती बाहुलीची सख्खी बहीण शोभावी अशी मूर्ती 1938 साली इटलीत पाँपेईच्या राखेखाली सापडली. आणि तुम्ही म्हणता, काही नाही!"

परिणाम असा झाला की साडूंनी तीन दिवसांची 'प्राचीन व्यापारी मार्ग' नावाची खासगी सहल ठरवली आणि आम्हा उभयतांना पाहुणे म्हणून बरोबर घेतले. खर्च किती आला ते त्यांनी सांगितले नाही. पण हिने बहिणीकडून काढून घेतले: माझे दोन पगार. ज्यांच्या मोटारीतून फिरलो आणि ज्यांच्या पैशाने जेवलो त्यांच्याच सहलीवर मी आता कोरडे ओढणार आहे. हा कृतघ्नपणा आहे हे मला मान्य आहे. पण गप्प बसलो तर दुसरा, मोठा कृतघ्नपणा होईल. तो कोणाशी, ते पुढे येईलच.

सांगणारा तरुण चांगला होता, हे आधी सांगून टाकतो. पदवीधर, नम्र, पाठ केलेले न अडखळता बोलणारा. त्याच्यावर माझा राग नाही. त्याच्या हातात छापील कार्यक्रम होता आणि त्यात तासांचे हिशेब होते. पहिल्या दिवशी आम्ही नालासोपाऱ्याचा स्तूप पाहिला. हाच स्तूप पंडित भगवानलाल इंद्रजींनी 1882 साली उकरला, आणि अशोकाच्या शिलालेखाचा तुकडाही याच गावात सापडला. मग कल्याण ओलांडले, मुरबाड मागे पडले, आणि वैशाखऱ्याजवळ रस्त्याकडेला एक पाटी दिसली: नाणेघाट. मी सावरून बसलो. गाडी थांबली नाही. ती माळशेजच्या डांबरी वळणांनी वर चढली, जुन्नरला मुक्कामाला गेली, आणि दुसऱ्या दिवशी घाटघरकडून, म्हणजे मागच्या दाराने, आम्हाला नाणेघाटाच्या माथ्यावर नेऊन उभे करती झाली.

वाचकहो, नाणेघाट ही चढायची वाट आहे. कोकणातून देशावर माल चढवण्यासाठी डोंगर फोडून केलेली खिंड आहे ती. आम्ही ती वरून वाकून पाहिली. विहिरीत डोकावून पाहावी तशी! एक पायरीही कोणी उतरला नाही. कार्यक्रमात तेवढा वेळ नव्हता. लेण्यातला नागनिका राणीचा लेख त्या तरुणाने छान समजावला: कोणत्या यज्ञात किती गायी, किती हत्ती, किती कार्षापण दान दिले. भिंतीवरचे राजघराण्याचे पुतळे गेले, वरची नावे उरली, हेही त्याने हळहळून सांगितले. दगडी रांजणाशी छायाचित्रे झाली.

मी जरा मागे राहिलो. तिथे ताक विकणारे एक आजोबा बसले होते. पोटापुरते बोलणारे, पण विचारले की बोलणारे. म्हणाले, "आमचा बाप या वाटंनं तांदूळ घेऊन खाली बाजाराला जायचा. रातच्याला निघायचा, उजाडता खाली." मी विचारले, "अंधारात पाऊल कसे पडायचे?" ते म्हणाले, "पायाला ठावं असतंय. पहिलं टाकं आलं की पाणी प्यायचं, दुसरं आलं की बसायचं." दोन वाक्यांत त्यांनी सबंध घाट माझ्यापुढे उभा केला. टाकी ही पाहण्याची वस्तू नव्हे, ती प्रवासाची घटका मोजण्याची खूण! मी वही काढली, तोच हाक आली, "काका, चला, उशीर होतोय." ताकाचे पैसे दिले. बोलण्याचे दिले नाहीत. नावही विचारले नाही. ही माझी चूक मी लपवत नाही, कारण तिच्यावरच हा लेख उभा आहे.

जुन्नरच्या लेण्यांत हीच गोष्ट दुसऱ्या अंगाने दिसली. एका लेखात धान्याच्या व्यापाऱ्यांच्या श्रेणीने सात खोल्यांचे लेणे आणि एक पाण्याचे टाके दान दिल्याची नोंद आहे. कार्ल्याला तर स्तंभास्तंभावर माणसे आहेत. धेनुकाकट नावाच्या गावचे यवन आहेत, वैजयंतीचा भूतपाल शेठ आहे, आणि दाराशी एक सुतार आहे. त्याचे नाव सामी, बापाचे नाव वेणुवास. दरवाजा मी केला, असे दगडात लिहिलेले आहे. मी कागदावर रेघा ओढणारा माणूस. त्या सुतारापुढे माझे हात आपोआप जुळले. ज्या शेठाने जंबुद्वीपातले उत्तम शैलगृह पुरे केल्याची नोंद ठेवली, त्याच्याच भिंतीला सुताराचे नाव बापासकट लागले आहे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या व्यापाऱ्यांना ही रीत कळत होती!

कार्ल्याहून लोणावळ्याला आलो, चिक्की घेतली, आणि त्या तरुणाने हात जोडून सांगितले, "इथे आपली सहल संपली." तो पुण्याकडे गेला. आम्ही द्रुतगती मार्गाने खाली निघालो. बोगदे आले, गेले. साडूंना डुलकी लागली. आणि चहाची तल्लफ येण्याच्या आत आम्ही घाट उतरलो होतो. तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. सहल घाटमाथ्यावर संपली होती! सोपारा पाहिला, जुन्नर पाहिले, कार्ले पाहिले. व्यापारी मार्गावरची ठिकाणे झाली, पण मार्ग तेवढा राहिला. लग्नाला जाऊन मांडव, पंगत आणि बँड पाहावा, आणि नवरा-नवरीला न भेटता परत यावे, असा हा प्रकार.

माझे म्हणणे एवढेच आहे. मार्ग म्हणजे शहरे नव्हेत. शहरे उठतात, बसतात, विसरली जातात. धेनुकाकट नेमके कुठे होते यावर पंडित अजून भांडतात. टिकते ती वाट, आणि ती टिकते पायांमुळे. राजाने लेख कोरला, शेठाने खांब दिला, पण पावसाळ्यानंतर ढासळलेला दगड कोणी बाजूला केला? टाक्यातला गाळ कोणी काढला? बैलांना कोणत्या वळणावर दम द्यायचा हे कोणाला ठाऊक होते? त्या माणसांची पोरे-नातवंडे अजून तिथेच आहेत. आपण मात्र वाट दाखवणारा म्हणून शहरातला पदवीधर नेतो आणि वाट जाणणाऱ्याकडून ताक विकत घेतो.

आमच्या बोरघाटाची कथा याहून कडू आहे. 1830 साली इथे गाडीरस्ता झाला. त्याआधी माल चढे तो बैलांच्या पाठीवर. खोपोलीला नाना फडणिसांनी बांधलेले तळे आहे. ते पाहिले की घाट चढण्याआधी माणसांना आणि जनावरांना पाणी लागे हे निराळे शिकवावे लागत नाही. पुढे 1856 ते 1863 या काळात आगगाडीचा मार्ग झाला, पंचवीस बोगदे खोदले गेले, एका वेळी चाळीस हजारांवर माणसे राबली आणि पटकी-तापाने हजारोंनी मेली. इंजिनियरांची नावे पुस्तकांत आहेत. मजुरांची?

आणि जुन्या रस्त्यावर घाटात शिंग्रोबाचे देऊळ आहे. मोटारवाले चालत्या गाडीतून पैसे टाकतात. शिंग्रोबा म्हणजे कोण? आख्यायिका सांगते की तो धनगर. गोऱ्या साहेबाला घाटातून रस्ता सापडेना, तेव्हा याने आपली मेंढरांची वाट दाखवली. साहेब म्हणाला, काय इनाम हवे? हा म्हणाला, आम्हाला स्वातंत्र्य द्या. साहेबाने गोळी दिली. खरे-खोटे इतिहासकारांनी पाहावे. पण लोकांनी ही गोष्ट पिढ्यान् पिढ्या जपली, ती उगीच नाही. वाट दाखवणाऱ्याची मजुरी बुडते, हे लोकांना अनुभवाने माहीत आहे. ती बुडवल्याचे पाप फेडण्यासाठीच जणू आपण अजून तिथे रुपया-रुपया टाकतो.

आमच्या चौकातच पाहा. 1850 च्या मे महिन्यात ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट येथे तळ देऊन होता. येथून तो डोंगर चढला आणि त्याने माथेरान 'शोधले', असे आपण पोरांना शिकवतो. त्या डोंगरात ठाकर आणि धनगर आधीपासून वावरत होते. त्यांना ते हरवलेलेच नव्हते. मॅलेटच्या नावाचा झरा वर आहे. वाट ज्यांच्या पायाखालची होती त्यांच्यापैकी एकाचेही नाव शाळेच्या पुस्तकात नाही.

आता जे लिहितो ते लिहिताना हात जड होतो. आमच्या गावावर इर्शाळगड उभा आहे. त्याच्या अंगावर इर्शाळवाडी ही ठाकर समाजाची वाडी होती. मुंबई-पुण्याचे हौशी लोक गड चढायला येत ते या वाडीतून. वाडीतच भाकरी खात, वाडीतल्याच पोराला पुढे घालून वरच्या नेढ्यापर्यंत जात, आणि रविवारी संध्याकाळी घरी परतत. 19 जुलै 2023 च्या रात्री दरड आली. सत्तावीस देह हाती लागले, सत्तावन्न माणसे मातीखाली राहिली, आणि चार दिवसांनी शोध थांबवावा लागला. मग सगळ्या देशाला वाडीचे नाव कळले. मला त्या दिवसांत एक प्रश्न सारखा टोचत होता. या वाडीच्या भाकरीवर आणि पायवाटेवर इतकी वर्षे इतकी माणसे गड पाहून गेली. त्यांच्यापैकी किती जणांना आपल्या वाटाड्याचे नाव आठवले असेल? वाट गेली ती नुसती मातीने नाही गेली. ती ज्यांच्या डोक्यात होती ती डोकी गेली. सामी सुताराचे नाव दोन हजार वर्षे राहिले, आणि आपल्या गावच्या पोरांची नावे आपल्याला यादीत वाचावी लागली.

आता साडूंची बाजू मांडतो, नाही तर तुम्ही म्हणाल मास्तर एकतर्फी बोलतो. ते म्हणतात, "सगळ्यांना डोंगर चढता येतो का? माझे गुडघे पाहा. गाडी आहे म्हणून नाणेघाट तरी पाहिला." खरे आहे. गुडघ्यांशी माझे वैर नाही. ते असेही म्हणतात की, "त्या तरुणालाही पोट आहे, खासगी सहलींमुळे शिकलेल्या मुलांना काम मिळते." हेही खरे. आणि तिसरे, जे सर्वांत वजनदार आहे: "गावच्या माणसाला वाट माहीत असेल, ब्राह्मी लिपी कुठे येते?"

याचे माझे उत्तर असे. लिपी वाचणारा हवाच. पण लिपी वाचणाऱ्याला आपण पगार देतो आणि वाट वाचणाऱ्याला 'मामा, जरा दाखवा हो' म्हणून पुढे घालतो, यातला कोणता न्याय? दोघांना बरोबर घ्या. एक लेख सांगेल, दुसरा टाके दाखवील. दोघांची बिदागी सारखी ठेवा आणि आधी ठरवून द्या. कीर्तनकाराची बिदागी आपण नारळासकट देतो. गवयाला पाकीट देतो. पायांतली विद्या काय फुकट आली? ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी दहा पावले उतरावे, पहिल्या टाक्याशी बसावे आणि त्या माणसाला बोलू द्यावे. ते तासभराचे बोलणे तीन दिवसांच्या पाठांतराला भारी ठरेल.

दुसऱ्याला शिकवण्याआधी माझा स्वतःचा गुन्हा कबूल करतो. वीस वर्षे मी शाळेच्या सहली नेतो आहे. कधी किल्ला, कधी बाग, अलीकडे पाण्याच्या घसरगुंड्या. कर्जतजवळ राजमाचीच्या पायथ्याशी कोंडाण्याची लेणी आहेत. इसवी सनापूर्वीची, लाकडी घराची नक्कल दगडात केलेली. पावसाळ्यात लोक तिथे धबधब्याला जातात. मी वीस वर्षांत पोरांना एकदाही तिथे नेले नव्हते. लांब नेले म्हणजेच सहल, ही साडूंची समजूत माझीही होती. त्यांचे समरकंद आणि माझी घसरगुंडी यांत फरक फक्त भाड्याचा.

त्या तीन दिवसांच्या सहलीनंतर मी आठवीच्या पोरांना कोंडाण्याला घेऊन गेलो. पुढे वाट दाखवायला जवळच्या ठाकरवाडीतला, माझ्याच वर्गातला एक पोरगा होता. वर्गात तो शेवटच्या बाकावर बसतो, विचारले तर जमिनीकडे पाहतो. त्या दिवशी तो आमच्या पुढे वीस पावले होता. कुठे घसरेल, कोणत्या दगडाखाली हात घालू नये, कोणत्या ओहोळाचे पाणी प्यावे, सगळे सांगत होता. पहिल्या नंबरची मुलगी वही घेऊन त्याच्या मागे. लेण्यात एका भंगलेल्या मूर्तीपाशी एक ओळ कोरलेली आहे: कण्हाच्या शिष्याने, बलकाने हे केले. मी ती पोरांना समजावली. राजाचे नाव नाही, शेठाचे नाव नाही. गुरूचे आणि शिष्याचे.

पोरगा बराच वेळ त्या अक्षरांकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "सर, म्हणजे काम करणाऱ्याचं नाव लिहायचं असतं?"

मला पटकन उत्तर देता आले नाही. शाळेत परत आल्यावर सहलीच्या अहवालात 'मार्गदर्शक' या रकान्यात नेहमीप्रमाणे माझे नाव घालणार होतो. लेखणी थांबवली आणि त्याचे नाव लिहिले. त्यापुढे त्याच्या बापाचेही लिहिले, सामी सुतारासारखे. सहलखर्चातून त्याच्या बापाला वाटाड्याची बिदागी द्यावी असा अर्ज मी केला. तो अर्ज 'असे कलम नाही' या शेऱ्यासह परत आला. मी पुन्हा केला आहे. पुन्हा परत आला तर पुन्हा करीन. मास्तराला एवढे तरी करता येते.

हा अंक तुमच्या हाती पडेल तेव्हा घरात फराळाचे डबे असतील आणि सुटीचे बेत चालले असतील. खुशाल समरकंदला जा. पृथ्वी पाहावी, मीही संधी मिळाली तर जाईन. तिथेही उंट हाकणाऱ्याच्या नातवाला शोधा. पण त्याआधी एक दिवस आपल्या घाटाला द्या. नाणेघाट असो, बोरघाटाची जुनी वाट असो, तुमच्या गावामागची खिंड असो. पोरांना बरोबर घ्या. तिथल्याच एखाद्या माणसाला पुढे घाला, त्याची बिदागी आधी ठरवा, आणि निघण्यापूर्वी त्याचे नाव विचारा. बापासकट.

मीही जाणार आहे. नाणेघाटावरच्या त्या आजोबांचे माझ्याकडे देणे राहिले आहे. साडूंना विचारले. ते थोडा वेळ गप्प राहिले, मग गुडघा चोळत म्हणाले, "पहिल्या टाक्यापर्यंत येईन." मी म्हटले, तेवढे पुष्कळ झाले.